अर्धा कोयता

आमच्या लहानपणी परळीला वैजनाथाची महाशिवरात्रीची यात्रा भरली, की देवदर्शनाच्या निमित्ताने घरून निघालेल्या आम्हां पोरांचे पाय देवळाच्या पायऱ्यांपेक्षा यात्रेच्या कडेला उभारलेल्या सिनेमाच्या तंबूकडे अधिक ओढीने वळत; आणि त्या तंबूतही पडद्यासमोर मांडी घालून बसण्यापेक्षा पडद्याच्या उलट दिशेला, जिथे यंत्र घरघरत असे आणि जळत्या कार्बनचा उग्र दर्प नाकात भरत असे, तिथे घुटमळण्यात आम्हांला खरा आनंद वाटे. त्याचे कारण असे, की फिरत्या सिनेमाच्या वाट्याला येणाऱ्या प्रती गावोगाव झिजून, ओरखडे पडून, कडेची भोके फाटून आलेल्या असत, आणि एका खेळात दोन-तीन वेळा तरी फिल्म तुटल्यावाचून राहत नसे. ती तुटली की तंबूत शिट्ट्यांचा कल्लोळ उठे. इकडे ऑपरेटर मात्र, जणू हा कल्लोळ दुसऱ्याच कुणाच्या तंबूत चालला आहे अशा स्वस्थपणाने, तुटलेली दोन्ही टोके ब्लेडने सारखी कापी, कड खरवडी, तीवर फिल्म चिकटवायच्या सिमेंटचा थेंब लावून क्षणभर चिमटीत दाबून धरी, आणि यंत्र पुन्हा सुरू करी. कापलेल्या चार-सहा चौकटी त्याच्या पायाशी पडत. त्या आमच्या.

त्या चौकटी घरी आणून, खोक्याला भोक पाडून, आरशाने उन्हाची तिरीप आत घेऊन भिंगातून भिंतीवर पाडण्याचा उद्योग माझ्या वयाच्या पुष्कळांनी केला असेल. मला मात्र त्याच वयात एका गोष्टीचे कुतूहल लागून राहिले, आणि ते अद्याप सुटलेले नाही. ज्या चौकटी माझ्या डबीत होत्या त्या दुसऱ्या दिवशीच्या खेळात नव्हत्या. नायिका दाराशी उभी असे आणि एका हिसक्यासरशी ओसरीवर बसलेली दिसे. पण तिचे दारापासून ओसरीपर्यंतचे चालणे कुणी चोरले याची तक्रार तंबूतल्या एकाही प्रेक्षकाने केली नाही. ते चालणे ज्याने त्याने आपापल्या मनात चालून घेतले होते. पुढे लेव्ह कुलेशोव्ह या रशियन दिग्दर्शकाने याच गोष्टीवर प्रयोग करून एक विद्या उभी केल्याचे वाचले, तेव्हा नवल वाटण्याऐवजी जुनी ओळख पटल्यासारखे झाले.

प्रस्तुत पुस्तक सोव्हिएत काळातील चित्रपट-संकलनावर, आणि त्यातही ज्यांनी आपली सबंध हयात संकलनाच्या मेजावर घालवली अशा काही स्त्रियांच्या कारकिर्दीवर आहे. बीड जिल्ह्यातल्या एका निवृत्त प्राथमिक शिक्षकाने हा विषय का हाती घ्यावा, हा प्रश्न मला स्नेह्यांनी अनेकदा विचारला आहे, आणि त्याचे उत्तर देण्यासाठीच ही प्रस्तावना अंमळ लांबत आहे.

आरंभी शब्दाविषयी थोडे. आपण या कलेला ‘संकलन’ म्हणतो. हा शब्द आपल्याकडे फार जुना आहे. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त संकलन म्हणजे बेरीज आणि व्यवकलन म्हणजे वजाबाकी. इंग्रजांनी या कामाला वर्तमानपत्राच्या कचेरीतला संपादकाचा शब्द लावला. रशियनांनी फ्रेंचांकडून ‘मोंताझ’ हा शब्द घेतला, आणि तो मुळात कारखान्यातला, यंत्राचे सुटे भाग एकमेकांत बसवून ते चालते करणाऱ्या फिटरचा शब्द आहे. तीन भाषांनी एकाच कामाची तीन अंगे पकडली. पण त्या मेजावर प्रत्यक्ष बसणाऱ्या व्यक्तीला विचाराल, तर ती बहुधा म्हणेल की भास्कराचार्यांचा दुसरा शब्द अधिक खरा होता. या पेशात हाती लागलेल्यापैकी बहुतेक सारे टाकून द्यावयाचे असते, आणि टाकलेल्याचा जमाखर्च कुठल्याही दप्तरात राहत नाही.

पुण्याच्या प्रभात स्टुडिओच्या जागेत १९६० साली चित्रपटशिक्षणाची सरकारी संस्था निघाली, आणि १९६४ साली चित्रपटांचे राष्ट्रीय संग्रहालय स्थापन झाले. या दोन संस्थांच्या विद्यमाने उन्हाळ्यात चित्रपट-रसास्वादाचा जो वर्ग चालत असे, त्याला मी एका वर्षी मोठ्या मिनतवारीने रजा काढून गेलो. तिथे झीगा व्हेर्तोव्हचा १९२९ सालचा ‘कॅमेरा घेतलेला माणूस’ हा मूकपट पाहिला. ६८ मिनिटांच्या त्या चित्रपटात सतराशेंहून अधिक तुकडे आहेत, म्हणजे सरासरीने एक तुकडा अडीच सेकंदही पडद्यावर टिकत नाही. शहर जागे होते, ट्राम धावतात, यंत्रे फिरतात, माणसे लग्नाची आणि घटस्फोटाची नोंद करतात. आणि हे सारे भरवेगात चालले असताना चित्रपट एकाएकी थांबतो. घोडा थांबतो, मुलांची हसरी तोंडे थांबतात. पडद्यावर फिल्मची नुसती पट्टी दिसू लागते, आणि मग एक स्त्री दिसते. तिच्या पाठीमागच्या फळ्यांवर चिठ्ठ्या लावलेली भेंडोळी रचून ठेवलेली आहेत; ती एक पट्टी उजेडासमोर धरते, पाहते, कापते, खरवडते, जोडते; आणि मघाची ती थबकलेली मुले पुन्हा हसू लागतात.

तंबूतला ऑपरेटर मला त्या काळोखात लख्ख आठवला. पण त्या स्त्रीचे नाव कळण्यासाठी मला श्रेयनामावली पुन्हा पाहावी लागली. तीत व्हेर्तोव्ह हा ‘प्रयोगाचा लेखक आणि प्रमुख’ आहे, त्याचा भाऊ मिखाईल कौफमन हा मुख्य छायालेखक आहे, आणि एलिझावेता स्विलोवा ही संकलनातली ‘सहायक’ आहे. ती व्हेर्तोव्हची पत्नी होती.

स्विलोवेचा जन्म १९०० साली मॉस्कोत एका रेल्वे कामगाराच्या घरी झाला. बाराव्या वर्षी ती फिल्म धुण्यापुसण्याच्या आणि निवडण्याच्या कामावर उमेदवार म्हणून लागली, आणि दोनेक वर्षांनी पाथे या फ्रेंच कंपनीच्या मॉस्कोतल्या शाखेत कापणी-जोडणीचे काम करू लागली. त्या काळी हे काम मुलींनाच देण्याचा शिरस्ता जगभर होता. त्याची दोन कारणे सांगितली जात: मुलींची बोटे हलकी असतात, आणि हे काम शिवणकामासारखे आहे. तिसरे कारण, म्हणजे मुलींना पगार कमी द्यावा लागतो हे, सांगितले जात नसे. व्हेर्तोव्ह हा चित्रपटांच्या खात्यात नवा होता तेव्हा त्याने त्सारीत्सिनच्या लढाईवरचा एक लघुपट फारच आखूड तुकड्यांत योजला, आणि तुकडे जोडण्यासाठी संकलनाच्या खोलीत पाठवले. तिथल्या बाईने हे कागदाच्या कपट्याएवढे तुकडे म्हणजे केरच, असे समजून ते फेकून दिले. पुन्हा सारे करावे लागले. अशा वेळी स्विलोवेला त्या माणसाची दया आली आणि तिने त्याचे काम आपल्याकडे घेतले, अशी हकीकत आहे. ‘दया आली’ या शब्दांवर मी फारसा विश्वास ठेवीत नाही. बाराव्या वर्षापासून जिच्या बोटांखालून मैलोगणती फिल्म गेली होती, तिला त्या कपट्यांत इतरांना न दिसलेले काही दिसले असावे.

१९२२ सालापासून निघालेल्या ‘किनो-प्रावदा’ या वृत्तपटमालेचे २३ अंक तिच्या मेजावर जुळले. व्हेर्तोव्ह, कौफमन आणि स्विलोवा यांनी मिळून स्वतःला ‘तिघांचे मंडळ’ असे नाव दिले होते. पण जाहीरनामे व्हेर्तोव्ह लिही, आणि इतिहास जाहीरनाम्यांवरून लिहिला जातो. स्टालिनच्या राजवटीत व्हेर्तोव्हचे प्रयोग सरकारी मर्जीतून उतरले. तो हळूहळू निकामी ठरवला गेला. ती मात्र काम करीत राहिली. युद्धाच्या अखेरीस लाल फौजेबरोबर गेलेल्या छायालेखकांनी आउशविट्झच्या छावणीत जे टिपले ते १९४५ साली तिने जुळवले. १९४६ साली ‘बर्लिन’ या चित्रपटासाठी तिला स्टालिन पारितोषिक मिळाले. १९५४ च्या फेब्रुवारीत व्हेर्तोव्ह वारला. त्यानंतर तिने आपला पेशा बाजूस ठेवला आणि १९७५ साली स्वतःचा अंत होईपर्यंत नवऱ्याचे कागद लावण्यात काळ घालवला. त्याचे लेख, रोजनिशा आणि संकल्प १९६६ साली मॉस्कोत ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाले. आज व्हेर्तोव्हविषयी जे जे लिहिले जाते त्याच्या बुडाशी तिचा हा अखेरचा संकलनोद्योग आहे. २०१४ साली एका ब्रिटिश नियतकालिकाने जगभरच्या जाणकारांचा कौल घेतला, तेव्हा ‘कॅमेरा घेतलेला माणूस’ हा आजवरच्या माहितीपटांत पहिला ठरला. प्रयोगाचे लेखक आणि प्रमुख अर्थात तेच.

पुण्याहून परतताना एस.टी.त मला जो विचार सुचला तो सांगण्यासाठी आमच्या मुलखातली एक परिभाषा समजावून घ्यावी लागेल. बालाघाटाच्या डोंगररांगेत वसलेल्या आमच्या केज, धारूर, पाटोदा या भागांत पाऊस बेताचा आणि जमीन हलकी. दसरा-दिवाळी झाली, की इथली गावेच्या गावे ट्रकांत, ट्रॅक्टरांत आणि बैलगाड्यांत बसून पश्चिम महाराष्ट्राच्या आणि कर्नाटकाच्या साखर कारखान्यांकडे ऊस तोडायला जातात, ती उन्हाळा तोंडाशी आल्यावर परततात. प्रवरानगरला १९५० साली सहकारी कारखाना निघाला, पुढे कारखाने वाढत गेले, आणि १९७२ च्या दुष्काळानंतर ही वाट कायमचीच झाली. या मजुरांची भरती मुकादम करतो. तो पावसाळ्यातच उचल देतो, आणि ती हंगामात फेडून घेतो. हिशेब माणशी होत नाही. तो कोयत्यागणिक होतो, आणि एक कोयता म्हणजे एक नवरा आणि एक बायको. एकटा माणूस आला, तर तो अर्धा कोयता.

मुकादमाच्या वहीत नाव नवऱ्याचे असते आणि उचल त्याच्या हातावर पडते. फडात मात्र पहाटेपासून दोघेही वाकलेली असतात. ऊस तोडणे, पाचट काढणे, वाढे छाटणे, मोळ्या बांधणे, आणि ती मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून चढत ट्रकमध्ये टाकणे. यातले जोडण्या-बांधण्याचे आणि वाहण्याचे काम बहुतांशी बाईच्या वाट्याला येते, आणि कोपीवर परतल्यावर चूलही तिचीच असते. एक दिवस अंग धरले तर खाडा पडतो, तो पुन्हा दोघांच्या मिळून खात्यावर.

हे मला ठाऊक नव्हते असे नाही. दिवाळीनंतर वर्गातल्या निम्म्या जागा रिकाम्या होत. दाखल-खारीज रजिस्टर माझ्याच हातचे असे. पण कुटुंबाची माहिती भरून घ्यावयाचा जो एक तक्ता आम्हां शिक्षकांकडे असे, त्यात मुलाच्या बापाच्या नावापुढे ‘ऊसतोड’ आणि आईच्या नावापुढे ‘घरकाम’ असे मी अनेक वर्षे सुवाच्य अक्षरात लिहीत आलो होतो. कुणी तसा हुकूम दिलेला नव्हता. पुण्याच्या त्या काळोख्या दालनात ‘सहायक’ हा शब्द वाचून मला व्हेर्तोव्हचा जो राग आला, तो अहमदनगर ओलांडेपर्यंत माझ्यावरच उलटला. या पुस्तकाचा उगम तिथे आहे.

आता एस्फिर शूब. या ग्रंथाचा सर्वांत मोठा भाग तिच्यासाठी राखला आहे, आणि त्याबद्दल मला क्षमा मागण्याचे कारण वाटत नाही. कारण संकलक हा स्वतंत्र लेखक असू शकतो, हे तिने कुणाचीही पत्नी म्हणून न वावरता सिद्ध केले. तिचा जन्म १८९४ साली युक्रेनच्या सीमेलगतच्या सुराझ या गावी एका यहुदी कुटुंबात झाला. क्रांतीनंतर ती शिक्षण-खात्याच्या रंगभूमी विभागात कामाला होती, आणि नाट्यदिग्दर्शक मेयरहोल्ड व कवी मायाकोव्हस्की यांच्या वर्तुळात वावरत होती. १९२२ साली ती सरकारी चित्रपट-खात्यात आली. तिला जे काम मिळाले ते असे: परदेशांतून विकत घेतलेले चित्रपट सोव्हिएत प्रेक्षकांना ‘योग्य’ होतील अशा रीतीने कापून, पुन्हा जोडून, नवे मजकूर घालून देणे. दोनशेच्या आसपास विदेशी चित्रपट तिच्या कात्रीखालून गेले. चॅप्लिनने केलेले ‘कार्मेन’चे विडंबन त्यांत होते. जर्मनीतल्या फ्रिट्झ लांगचा, दोन भागांचा ‘डॉक्टर माबुझे’ही त्यांत होता, तो तिने आटवून एका भागात आणला, आणि हे काम चालले असताना तिच्या शेजारी बसून ते शिकणारा तरुण म्हणजे सेर्गेई आयझेनश्टाइन. पुढे १९२५ च्या डिसेंबरात त्याचा ‘बॅटलशिप पोटेम्किन’ मॉस्कोच्या बोल्शोई नाट्यगृहात दाखवला गेला. जगाने ज्याला संकलनाचा आचार्य मानले, त्याची धुळाक्षरे कुणाच्या पाटीवर गिरवली गेली, हे यावरून ध्यानात यावे.

त्या काळी रशियात संकलनाला एवढे महत्त्व का आले, याचे एक कारण तत्त्वज्ञानात आहे आणि दुसरे, अधिक खरे, दारिद्र्यात. क्रांतीनंतर जुने निर्माते यंत्रसामग्री घेऊन देशाबाहेर पळाले. कच्ची फिल्म देशात तयार होत नव्हती आणि बाहेरून येणे दुरापास्त झाले होते. १९१९ साली चित्रपटधंदा सरकारजमा झाला आणि त्याच साली मॉस्कोत चित्रपटशाळाही निघाली; पण तिथल्या विद्यार्थ्यांच्या हाती कोरी फिल्म नव्हती. मग ते जुनेच चित्रपट उसवून पुन्हा शिवीत बसले. ज्याच्या घरी नवे लुगडे येत नाही, त्याच्या घरी गोधडीची कला उत्तम साधते. आमच्या मुलखातल्या वाचकाला हे निराळे समजावून सांगावयास नको.

१९२६ च्या उन्हाळ्यात शूबने लेनिनग्राद गाठले. झारशाहीच्या काळातले वृत्तपट, खुद्द झार निकोलसच्या दरबारी छायालेखकांनी टिपलेली घरगुती चित्रे, असे बरेच काही तिथल्या ओलसर तळघरांत पडून होते. तिने ६०,००० मीटर फिल्म पाहिली. मूकपटाच्या वेगाने ती सलग दाखवली, तर अहोरात्र दोन दिवसांहून अधिक काळ चालेल. आणि शूबने ती सलग पाहिली नाही, थांबत, मागेपुढे करीत, टिपणे घेत पाहिली. त्यांतून ५,२०० मीटर निवडून तिने मॉस्कोला नेली. चित्रपटात उरली १,५०० मीटर, म्हणजे चाळिसातला एक हिस्सा.

या आकड्यांपाशी मी नेहमी थबकतो. आमच्या अंबाजोगाईत दासोपंतांची पासोडी आहे; चाळीस फुटांच्या आसपास लांबीच्या कापडावर त्या सत्पुरुषाने ‘पंचीकरण’ लिहून काढले आहे, आकृत्यांसह. लहानपणी ती पाहिली तेव्हा एवढे लांब कापड कुणी वाचत जाईल का, असे वाटले होते. चाळीस फूट फिल्म बोलपटाच्या वेगाने पडद्यावर २७ सेकंदांत संपते. दासोपंतांच्या पासोडीवरचे एकही अक्षर गाळता येत नाही, आणि शूबच्या चाळीस फुटांतून एकोणचाळीस फूट गाळल्यावाचून उरलेल्या एका फुटाला अर्थ येत नाही. लांब पट्टीवर आपला आशय मांडणाऱ्या दोन साधकांत एवढे अंतर असू शकते.

‘रोमानोव्ह घराण्याचे पतन’ हा तिचा चित्रपट फेब्रुवारी क्रांतीच्या दहाव्या स्मृतिवर्षी, १९२७ च्या मार्चात, लोकांपुढे आला. त्यातले एक स्थळ तेवढे सांगतो. जहाजाच्या डेकवर दरबारी स्त्रीपुरुष मझुर्का नाचत आहेत. मौजेची चित्रफीत आहे; ती टिपणाऱ्याच्या मनात कसलाही उपहास नव्हता. नाचून दमल्यावर मंडळी घाम पुसतात. मध्ये मजकुराची एक पाटी येते: घाम गाळीपर्यंत. लगेच पुढच्या तुकड्यात शेतकरी चर खणताना, घामाने निथळताना दिसतात. शूबने नाचणाऱ्यांना खोटे पाडले नाही, खणणाऱ्यांकडून अभिनय करवून घेतला नाही. दोन खऱ्या गोष्टी तिने शेजारी ठेवल्या, आणि राजनिष्ठ छायालेखकाने भक्तिभावाने टिपलेली फिल्मच राजाविरुद्धची साक्ष झाली. जुन्या वृत्तपटांतून नवा ग्रंथ रचण्याची जी रीत आज सर्व जगात रूढ आहे, तिचे आद्य उदाहरण म्हणून हा चित्रपट दाखवला जातो.

आणि या चित्रपटाच्या लेखकत्वाचे मानधन देण्यास सरकारी चित्रपट-खात्याने नकार दिला. हिने लिहिले काय, टिपले काय? जुने तुकडे तर चिकटवले, असा एकंदर पवित्रा होता. मायाकोव्हस्कीने त्याच वर्षी एका जाहीर वादसभेत या वागणुकीचा समाचार घेतला. मुकादमाच्या वहीची आठवण मला इथे पुन्हा झाली, हे वाचक समजून घेईल.

पण शूबचा गौरव करताना जी गोष्ट टाळली तर मी अप्रामाणिक ठरेन, तीही याच ठिकाणी सांगितली पाहिजे. दोनशे विदेशी चित्रपट ‘योग्य’ करणे, हे अभ्यासाचे साधन होते तसे ते सरकारी पहारेकऱ्याचेही काम होते. ज्या कात्रीने झारचा नाच शेतकऱ्याच्या चराला जोडला, तिच्याच जातीच्या कात्रीने १९२७ च्या अखेरीस आयझेनश्टाइनच्या ‘ऑक्टोबर’मधून स्टालिनचा विरोधक ठरलेल्या ट्रॉट्स्कीला कापून काढले. पुढच्या तीस वर्षांत सोव्हिएत संकलकांच्या मेजावरून किती माणसे अशी नाहीशी झाली याची मोजदाद कठीण आहे; फिल्ममधून जाणे हे पुष्कळदा प्रत्यक्षातून गेल्यानंतरचे दुसरे जाणे असे. शूबने या राजवटीची सेवा निष्ठेने केली. १९३२ साली विद्युतीकरणावर आणि १९३९ साली स्पेनच्या युद्धावर तिने चित्रपट केले, आणि त्यांत तिची प्रतिभा जागोजाग दिसते. परंतु ज्यांविषयी बोलणे धोक्याचे होते त्यांविषयी त्यांत मौन आहे. त्या मौनाला भित्रेपणा म्हणण्याचा अधिकार, उबदार खोलीत बसून हे लिहिणाऱ्या मला नाही, आणि त्याला निष्पापपणा म्हणण्याइतका मी भोळाही नाही. १९५९ साली ती वारली. त्याच वर्षी तिच्या आठवणींचे पुस्तक निघाले.

आपल्याकडची बाजू पाहू गेल्यास पहिले नाव सरस्वतीबाई फाळके यांचे घ्यावे लागते. १९१२ साली दादासाहेब विलायतेहून कॅमेरा घेऊन आले, आणि १९१३ च्या मे महिन्याच्या ३ तारखेला मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. या दोन घटनांच्या मधल्या काळात, दादरच्या घरी, बाहेरून आलेल्या भोके नसलेल्या फिल्मला अंधारात बसून भोके पाडणे, रसायने कालवणे, फिल्म धुणे, तपासणे आणि तुकडे जोडणे ही कामे सरस्वतीबाई करीत. आणि दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करीत, भर उन्हात पांढरी चादर धरून पात्रांवर उजेड पाडीत. त्यांचे दागिने तर आधीच गहाण पडले होते. १९१७ साली दादासाहेबांनी चित्रपट कसे तयार होतात हे दाखवणारा एक छोटा चित्रपट काढला. त्याचा जो अंश आज उरला आहे, त्यात फिल्मची पट्टी न्याहाळताना स्वतः दादासाहेबच दिसतात. व्हेर्तोव्हने निदान मेजावर बसलेली बायको दाखवली, एवढा त्याच्या पदरी जादा गुण टाकावा लागेल. दादासाहेबांविषयीचा आदर मला कुणाकडूनही उसना घ्यावा लागत नाही, म्हणूनच हे मोकळेपणी लिहिता आले.

उत्तरकाळासंबंधी या पुस्तकात दोन छोटी प्रकरणे आहेत. पैकी एक पेरा अताशेवा हिच्याविषयी. आयझेनश्टाइनचा ‘बेझिनचे कुरण’ १९३७ साली सरकारी फर्मानाने अर्ध्यावर बंद पडला आणि पुढे त्याची प्रत नाश पावली. तथापि प्रत्येक तुकड्याच्या आरंभीच्या व शेवटच्या चौकटी त्याच्या या पत्नीने जपून ठेवल्या होत्या, आणि त्यांवरून १९६७ साली युत्केविच व क्लाइमन यांनी त्या चित्रपटाचा स्थिरचित्रांतला अर्ध्या तासाचा सांगाडा उभा केला. ज्याने लहानपणी कापलेल्या चौकटी डबीत साठवल्या, त्याने या प्रकरणाला पाने थोडी अधिक दिली असतील. दुसरे ल्युदमिला फैगिनोवा हिच्यावर आहे. तार्कोव्हस्कीचा ‘आरसा’ हा चित्रपट, जवळजवळ दोनशे तुकड्यांचा, विसांहून अधिक वेळा निरनिराळ्या क्रमाने लावून पाहिला तरी उभा राहीना, आणि मग एका मांडणीत एकाएकी उभा राहिला. त्या विसांपैकी प्रत्येक वेळी मेजापाशी ती होती.

रशियन नावांचे उच्चार शक्य तेवढे मूळ धरून दिले आहेत. संकलनाच्या परिभाषेत जिथे मराठी शब्द रूढ नाही तिथे संकलकांच्या तोंडचाच शब्द ठेवला आहे. ‘जॉइंट’ला ‘संधिस्थान’ म्हणण्याचा मोह मी दोनदा आवरला. लोकवाङ्मय गृहाच्या दुकानांतून एके काळी स्वस्तात मिळणारी मॉस्कोची पुस्तके नसती, तर या विषयाकडे जाण्याची वाट माझ्यासारख्याला सापडली नसती.

शेवटी एका ऋणाचा उल्लेख. ऊसतोडीविषयीचे जे थोडे या प्रस्तावनेत आणि पुढे तिसऱ्या प्रकरणात आले आहे, ते मी माझ्या जुन्या विद्यार्थ्यांच्या आयांकडून लिहून घेतले. त्यांतल्या चौघींना हस्तलिखितातली ती पाने मी वाचून दाखवली. मोळी बांधण्याचा क्रम मी उलटा लिहिला होता, तो त्यांनी दुरुस्त केला. फळीच्या उतारासंबंधीचे एक वाक्य, ‘तसं नसतंय’ म्हणून, काढायला लावले. पुस्तकात कुणाकुणाचे आभार मानतात हे मी त्यांना समजावून सांगितले, आणि चौघींची नावे इथे छापण्याची परवानगी मागितली. त्या एकमेकींकडे पाहू लागल्या. मग त्यांतली वडीलधारी म्हणाली, “नावं तेवढी घालू नका, गुरुजी. मुकादमाच्या कानावर गेलं तर पुढच्या साली उचल द्यायचा नाही.”

अंबाजोगाई, जिल्हा बीड